समेवर पडलेला ठोसा

दिल्लीची एक मुलगी चौथीत असताना नाच शिकायला लागली. कथक आणि भरतनाट्यम, दोन्ही, आणि तेही आठ वर्षं. पुढे ती कॉम्प्युटर इंजिनिअर झाली, थोडे दिवस नोकरी केली, मॉडेलिंग केलं आणि तेलुगू-तमिळ चित्रपटांतून हिंदीत आली. २०१५ च्या जानेवारीत ‘बेबी’ लागला तेव्हा पोस्टरवर अक्षयकुमार होता. तापसी पन्नूच्या वाट्याला जेमतेम काही मिनिटांची भूमिका होती. काठमांडूच्या हॉटेलातली एक खोली, एक दणकट माणूस आणि शबाना. हिरो खोलीत नाही. तो परत येतो तोवर मारामारी आटोपलेली असते आणि तो दणकट माणूस आडवा झालेला असतो. लोकांनी हा प्रसंग इतका डोक्यावर घेतला, की दोन वर्षांनी, ३१ मार्च २०१७ ला, शबानाचा भूतकाळ सांगणारा ‘नाम शबाना’ हा अख्खा चित्रपट निघाला.

भूमिकेसाठी तापसी क्राव्ह मगा शिकली. इस्रायली सैन्यात वाढलेली ही झटापटीची पद्धत. तिच्यात नखरा नाही, समोरच्याला लवकरात लवकर लोळवायचं एवढाच हिशेब. आता गंमत बघा. पैलवान वर्षानुवर्षं लाल मातीत घाम गाळतो तेव्हा कुठे त्याच्या डावात जान येते. इथे थोड्या तालमीवर एक नटी पुरुषाला आपटते आणि आपण मान डोलावतो. कसं काय? माझं उत्तर असं, की ती तालीम थोडी नव्हतीच. ती चौथीत सुरू झाली होती.

हे उत्तर एकट्या तापसीवर बेतलेलं नाही. तैवानच्या अँग ली यांचा ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’ २००० साली आला. त्यात तीन बायका लढतात. मिशेल यो लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ डान्समध्ये बॅले शिकत होती आणि दुखापतीमुळे तिचा नाच सुटला. झांग झीयी बीजिंगच्या नृत्यशाळेत वाढली. आणि खलनायिका झालेली चेंग पेईपेई लहानपणी शांघायमध्ये बॅले शिकलेली. तिघी छपरांवरून उडतात, तलवारी परजतात, एकमेकींच्या जिवावर उठतात, आणि तिघींपैकी एकही मूळची लढवय्यी नाही! तिघी नाचणाऱ्या आहेत.

याचं कारण कॅमेऱ्यात आहे. खरी मारामारी कॅमेऱ्याला मानवत नाही. ती जवळून होते, वेडीवाकडी होते आणि बहुतेक वेळा काही सेकंदांत संपते. पडद्यावर सेकंदाला २४ चित्रं सरकतात. कसलेल्या माणसाचा ठोसा एक दशांश सेकंदात लागला, तर तो पट्टीवर दोन-अडीच चित्रांत आटोपतो. प्रेक्षकाला एक पुसट रेघ दिसते आणि मग कुणीतरी पडलेलं दिसतं. म्हणून पडद्यावरचा ठोसा मोठा असावा लागतो. तो खांद्यापासून निघतो, हवेत आपली वाट दाखवतो आणि ठरलेल्या जागी पोचतो, किंवा पोचल्यासारखा दिसतो. कॅमेरा अशा बाजूला ठेवतात, की मूठ आणि गाल एका रेषेत यावेत. मधली वीतभर मोकळी जागा भिंगाला दिसत नाही. ठोशाचा खरेपणा मारणाऱ्याच्या हातात फारसा नसतोच, तो मार खाणाऱ्याच्या मानेत असतो. मान नेमक्या क्षणी झटक्यात वळली, तर ठोसा खरा. पाव सेकंद उशीर झाला, तर प्रेक्षागृहात हशा. ‘ढिशूम’ मागाहून घालतात.

म्हणजे दोन शरीरांनी एकाच गणतीवर चालायचं आहे. फाइट मास्टर प्रसंग बसवतो तोच आकड्यांत. एकला वार, दोनला चुकवणं, तीनला पोटात गुडघा, चारला टेबलावर. कुणी खरोखर रागावलेलं चालत नाही. रागावलेला माणूस गणती विसरतो, आणि मग एखाद्याचं नाक फुटतं.

कथकच्या वर्गात चक्कर शिकवतात ती जवळून पाहण्यासारखी गोष्ट आहे. भार एका टाचेवर. समोरच्या भिंतीवर एक ठिकाण धरायचं आणि नजर तिथे खिळवायची. अंग वळायला लागतं, खांदे जातात, कंबर जाते, पण डोळे भिंत सोडत नाहीत. मान पुढे वळूच शकत नाही अशी वेळ आली, की डोकं एका झटक्यात पूर्ण फिरतं आणि नजर पुन्हा त्याच ठिकाणी येऊन बसते. याच युक्तीमुळे गरगरत नाही. नवी मुलगी तिसऱ्या चकरीला भिंतीकडे झुकते, तयार मुलगी पंचविसाव्या चकरीनंतर समेवर अशी थांबते, की घुंगरूसुद्धा वाजत नाही. अवघड काम फिरण्यापेक्षा थांबण्याचं आहे. गोल फिरून लाथ मारणाऱ्या नायिकेला नेमकं हेच लागतं. फिरताना समोरचा माणूस नजरेतून सुटता कामा नये, आणि लाथ संपल्यावर पाय डगमगता कामा नये. डगमगला, तर लाथेतली सगळी ताकद प्रेक्षकाच्या डोळ्यांदेखत विरून जाते.

दिल्लीत हे नातं समोरासमोर पाहायचं तर मंडी हाऊसला जावं. तिथल्या श्रीराम भारतीय कला केंद्राचं रामलीलेवरचं नृत्यनाट्य १९५७ पासून दरवर्षी होतं. त्यातली युद्धं मयूरभंज छाऊ आणि कलरीपयट्टू यांच्या अंगानं बसवलेली असतात. छाऊचा पायाच मुळी ढाल-तलवारीच्या कवायतीत आहे. केरळात कथकली करणाऱ्याचं शरीर घडवण्याची रीत कलरीतूनच आली. आपल्याकडे कोल्हापूरचा मर्दानी खेळ घ्या. दांडपट्टा हलगीच्या ठेक्यावर फिरतो आणि हलगी चढली की पट्टाही चढतो. तेव्हा आपल्या देशात लढाई नाचात शिरली ही गोष्ट जुनीच. पडद्यावर तिचा उलटा प्रवास झाला, आणि तो सुरू करणारी बाई मुंबईत परळला काम करत होती.

तिच्याकडे जायला दिल्लीहून गाडीसुद्धा आहे. आज गोल्डन टेंपल मेल नावानं दिल्लीवरून जाणारी गाडी १९९६ पर्यंत फ्रंटियर मेल होती. १९२८ साली ती सुरू झाली तेव्हा मुंबईहून दिल्ली-लाहोर करत थेट पेशावरला जायची. या गाडीचा तेव्हा इतका बोलबाला होता, की १९३६ साली वाडिया मूव्हीटोननं ‘मिस फ्रंटियर मेल’ नावाचा चित्रपट काढला. त्यात सविता नावाची नायिका व्यायामशाळेत वजनं उचलते, मोटार भरधाव हाकते, आणि ‘सिग्नल एक्स’ नावाच्या बुरखाधारी खलनायकाच्या गुंडांना धावत्या आगगाडीच्या टपावर एकेक करून बडवते. सोनेरी केस, निळे डोळे, भक्कम बांधा. पडद्यावर नाव नादिया.

मूळ नाव मेरी एव्हान्स. जन्म ८ जानेवारी १९०८, ऑस्ट्रेलियातलं पर्थ. वडील ब्रिटिश सैन्यात, त्यामुळे ती लहानपणीच मुंबईत आली. वडील पहिल्या महायुद्धात मारले गेले. काही वर्षं पेशावरकडे काढली, तिथे घोड्यावर बसायला शिकली. मग मुंबईत आर्मी अँड नेव्ही स्टोअर्समध्ये विक्रेती, मग टायपिंग आणि शॉर्टहँड. वजन वाढायला लागलं म्हणून मादाम अस्त्रोवा या रशियन बाईंच्या हाताखाली बॅले शिकायला गेली आणि त्यांच्या पथकाबरोबर छावण्या-छावण्यांतून नाचत फिरली. काही काळ सर्कशीतही होती. नादिया हे नाव एका आर्मेनियन ज्योतिषिणीच्या सल्ल्यानं घेतलेलं. तिनं ‘न’ अक्षर लाभेल असं सांगितलं होतं म्हणे.

तिला सिनेमात आणलं ते जमशेद वाडियांनी. जे. बी. एच. वाडिया एम. ए., एलएल. बी. होते, पुढे मानवेंद्रनाथ रॉय यांचे अनुयायी झाले, आणि अमेरिकन नट डग्लस फेअरबँक्सचे निस्सीम भक्त होते. घराणं जहाजं बांधणाऱ्या वाडियांचं. घराण्याच्या परळच्या जुन्या वाड्याच्या आवारात स्टुडिओ होता. मराठी वाचकांना ती जागा दुसऱ्या नावानं माहीत आहे. १९४२ साली व्ही. शांताराम यांनी तिथेच राजकमल कलामंदिर थाटलं.

आधी दोन चित्रपटांत तिला किरकोळ कामं देऊन पाहिलं आणि मग १९३५ मध्ये ‘हंटरवाली’. राजकन्या माधुरी दिवसा राजकन्या असते, रात्री बुरखा घालून आणि चाबूक घेऊन अन्याय करणाऱ्यांना झोडपते. फेअरबँक्सच्या झोरोचं हे सरळसरळ बाईमाणसाचं रूप. चित्रपटाला ८०,००० रुपये लागले असं सांगतात, म्हणजे तेव्हाच्या मानानं भलताच खर्च, आणि घ्यायला कुणी वितरक तयार नव्हता. गोरी बाई, अंगात चड्डी, हातात चाबूक, पुरुषांना मारते! कोण बघणार? शेवटी वाडियांनी स्वतःच हातपाय हलवून तो लावला. २५ आठवडे चालला. चाबूक आणि कमरपट्टे ‘हंटरवाली’च्या नावानं बाजारात आले. ‘हे-ए-ए!’ ही तिची आरोळी पोरांच्या तोंडी बसली. फिअरलेस ही पदवी तिला चित्रीकरणातल्या उड्या पाहून मिळाली आणि जन्मभर चिकटली.

नादियाची खासियत म्हणजे पुरुषांना उचलणं. पूर्ण वाढलेला गडी ती खांद्यावर आडवा टाकते आणि चालायला लागते, कधी डोक्यावर धरून फेकून देते. ताकद होतीच, वाद नाही. पण हे कसब बॅलेतून आलेलं आहे. बॅलेत पुरुष बाईला उचलतो तेव्हा निम्मं काम उचलली जाणारी करते. ती योग्य ठोक्याला गुडघ्यातून उसळी घेते, मग सगळं अंग ताठ धरते. सैल पडलेलं शरीर उचलायला दुप्पट जड वाटतं, गव्हाचं पोतं उचलणाऱ्या कुठल्याही हमालाला विचारा. उचलणाऱ्यानं आपली कंबर दुसऱ्याच्या भाराखाली नेली, की बाकीचं हाडं करतात. नादियानं फक्त जागा उलटवल्या. तिच्या हातून फेकले जाणारे ते गुंड मनातल्या मनात गणती मोजत तिच्यासाठी उसळी घेत होते, हे ध्यानात ठेवून ते प्रसंग पुन्हा पाहिले, तर त्या पडेल चेहऱ्याच्या नटांबद्दल भलताच आदर वाटायला लागतो.

तारा नव्हत्या, हार्नेस नव्हते. धोक्याची कामं ती स्वतः करायची. ‘पंजाब का बेटा’ नावाचा घोडा, ‘रोल्स रॉइस की बेटी’ नावाची मोटार आणि ‘गनबोट’ नावाचा कुत्रा असा तिचा लवाजमा होता. १९४० च्या ‘डायमंड क्वीन’मध्ये ती बायकांच्या स्वातंत्र्यावर चक्क भाषण ठोकते, आणि ते पोरकट वाटत नाही, कारण आधीच्या रिळात तिनं चार जणांना लोळवलेलं असतं. ‘खिलाडी’ १९६८ चा, तेव्हा ती साठ वर्षांची होती. त्याआधी १९६१ मध्ये तिनं जमशेदजींचे धाकटे भाऊ आणि आपले दिग्दर्शक होमी वाडिया यांच्याशी लग्न केलं. ८८ वा वाढदिवस झाला आणि दुसऱ्या दिवशी, ९ जानेवारी १९९६ ला ती गेली.

आता शांघायकडे बघितलं, की थक्क व्हायला होतं. १९१४ साली अमेरिकेत ‘द पेरिल्स ऑफ पॉलीन’ ही चित्रमालिका निघाली. तिच्यात पर्ल व्हाइट दर भागात संकटात सापडायची आणि सुटायची. असल्या मालिकांची रिळं जगभर फिरली, मुंबईत आली, शांघायलाही गेली. दोन्हीकडे तेच घडलं. मुंबईत हंटरवाली अवतरली, शांघायमध्ये १९२९ च्या सुमाराला तलवारवाल्या नायिकांची लाट आली. ‘रेड हिरॉइन’ त्याच वर्षीचा. एकमेकांपासून दूरच्या दोन बंदरांत, जवळपास एकाच दशकात, बायका पडद्यावर पुरुषांना बडवायला लागल्या! शांघायची लाट मात्र सरकारनं मोडली. १९३१ मध्ये असल्या चित्रपटांवर बंदी आली. त्यातली उडणारी माणसं आणि चमत्कार हे अंधश्रद्धा वाढवतात, असं कारण. सगळा प्रकार पुढे हाँगकाँगला आणि तैवानला गेला, आणि तिथे त्याला किंग हू नावाचा दिग्दर्शक भेटला.

किंग हूला पेकिंग ऑपेराचं वेड होतं. या नाटकात नटाला चार गोष्टी याव्या लागतात: गाणं, बोलणं, अभिनय आणि लढणं. लढणं हा अभिनयाइतकाच मूळ विषय, आणि लढणाऱ्या स्त्रीची वेगळी भूमिकाच ठरलेली. किंग हूनं मारामाऱ्या बसवायला हान यिंगजिए हा त्याच रंगभूमीवरचा माणूस घेतला, आणि १९६६ च्या ‘कम ड्रिंक विथ मी’मध्ये बॅले शिकलेल्या चेंग पेईपेईच्या हातात तलवार दिली. पुढे तो तैवानला गेला. ‘अ टच ऑफ झेन’मधली बांबूच्या वनातली लढाई पडद्यावर दहाएक मिनिटांची, चित्रीकरण २५ दिवसांचं. १९७५ मध्ये कान महोत्सवात या चित्रपटाला तांत्रिक कामगिरीचं मोठं पारितोषिक मिळालं.

त्याची नायिका सू फेंग माझ्या म्हणण्याला छेद देते, हे सांगायलाच हवं. तैवानची ही मुलगी ना नर्तकी, ना ऑपेरावाली. तिच्यासाठी किंग हूनं नाच कात्रीनं केला. बांबूच्या शेंड्यावरून ती शस्त्र खाली रोखून सरळ झेपावते तो प्रसंग थांबवत थांबवत पाहिला, तर झेप अशी कुठे नाहीच. निघणं, हवेतली झलक, पानं, पुन्हा झलक, पोचणं असे तुकडे आहेत, काही तर डोळा मिटेस्तोवर संपणारे. ठेका जोडणीत आहे. सू फेंगनं दिली ती नजर, पापणी न लवणारी. ती पुढे निर्माती झाली, आणि १९९३ मध्ये तिच्या ‘फेअरवेल माय कॉन्क्युबाइन’ला कानचा सर्वोच्च सन्मान विभागून मिळाला. तो चित्रपट पेकिंग ऑपेराच्या नटांवर आहे.

अँजेला माओ मात्र अस्सल ऑपेराची. जन्म १९५० चा, तैवानचा. घर ऑपेराचं, शिक्षण लहानपणापासून ऑपेराच्या शाळेत. तिला हॅपकिडो ही कोरियन विद्या शिकवायला कोरियाला नेलं आणि १९७२ मध्ये ‘हॅपकिडो’ नावाचाच चित्रपट आला. जगानं तिला १९७३ च्या ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये पाहिलं. ब्रूस लीची बहीण, काही मिनिटांचं काम, पण गल्लीबोळातून पळत गुंडांना लाथाडणारी ती मुलगी ब्रूस लीच्या चित्रपटात ब्रूस लीला विसरायला लावते. तिची लाथ पाहा. वर जाते ती सरळ, आणि परत येते त्याच वाटेनं, कंबर न हलता. तैवानमधल्या ऑपेराच्या शाळेत मास्तरांनी हे काठी घेऊन घटवलेलं असणार. माओ पुढे न्यूयॉर्कला गेली आणि तिनं उपाहारगृह काढलं. तिथे जेवायला येणाऱ्या बहुतेकांना समोर कोण आहे याचा पत्ता नसे.

हे सगळं पाहिल्यावर मला आपल्या हिंदी सिनेमाचं नवल वाटतं. वैजयंतीमाला, पद्मिनी, वहिदा रहमान, हेमामालिनी. लहानपणापासून घडवलेली अशी शरीरं हाँगकाँगच्या कुठल्या स्टुडिओकडे होती? आणि नादियानंतर या बायकांच्या हातून धड ठोसा क्वचितच कुणी मारून घेतला. माझ्या मते याचं कारण लाज वा नाजूकपणा यापेक्षा कामाच्या वाटणीत आहे. पेकिंग ऑपेरात गाणं आणि लढणं एकाच शाळेत. मुंबईत डान्स मास्टर वेगळा, फाइट मास्टर वेगळा, दोघांच्या तारखा वेगळ्या, माणसं वेगळी. नायिका पहिल्याच्या ताब्यात. दुसऱ्याच्या वेळेला डुप्लिकेट यायचा, कित्येकदा विग चढवलेला पुरुष.

१९७५ च्या ‘शोले’त हे स्वच्छ दिसतं. काचांवर नाचणारी बसंती हेमामालिनीची, भरतनाट्यम शिकलेल्या पायांची. डाकू पाठीवर असताना टांगा पिटाळणाऱ्या बसंतीच्या धोक्याच्या जागा रेश्मा पठाणच्या. रेश्मा मुंबईची, घरच्या गरिबीमुळे कोवळ्या वयात स्टंटच्या धंद्यात आलेली, पुरुषांच्या संघटनेत कार्ड मिळवणाऱ्या पहिल्या बायकांपैकी एक. रामनगरच्या खडकाळ रस्त्यावर चित्रीकरणात टांगा उलटला, तिला लागलं, आणि बरी होऊन ती पुन्हा कामावर आली. ‘द शोले गर्ल’ हा तिच्यावरचा चित्रपट निघायला २०१९ उजाडलं.